तासात निजवलेली पोरगी

पोरगी माझ्या म्होरं बसून सुपातली बाजरी सांडतीया, रागवावं म्हन्लं तरी राग येत न्हाई, आन् म्हनूनच हे लिहायला जमतंय. न्हाईतर त्या दिसाची नुसती आठवन झाली तरी मी हातातलं काम टाकून पोरीला जवळ वढायची. मी चौथीतनं शाळा सोडलेली, लिहिताना चुकंल, पर सांगायचं तेवढं सांगते.

आमचं गाव नदीकाठी हुतं. धरन झालं आन् गाव पान्यात गेलं. बदल्यात आमाला तिसगावच्या अंगाला माळावर जमिनी दिल्या. जमीन म्हंजी काय, झाड न्हाई, बांध न्हाई, वाट न्हाई, नुसता कुंदा माजलेला. कुंदा म्हंजी गवतच, पर त्याच्या मुळ्या अशा खोल की वरनं कापला तर आठ दिसांत पुन्ना हसत वर. आमी आलो तवा पोरगी पोटात हुती. बैलगाडीत पत्रं, जातं, दोन शेळ्या आन् वर आत्याबाई, म्हंजी माझ्या सासूबाई, एवढं घिऊन आलो. वारं सुटलं की छप्पर धरून बसायचं. दिस मावळला की लांडगं वरडायचं, मग शेळ्याबी आमच्यातच. गावात शेजारनीच्या चुलीवर काय शिजतंय ते वासावरनं कळायचं. हितं शेजारीन पार टेकाडाच्या पलीकडं, हाक मारली तर वारंच हाक घिऊन जायचं. ह्ये कामाला लांब गेलं की मी पोरीला छातीशी धरून दारातच उभी.

त्यातल्या त्यात बरं म्हंजी माळावर आलेली सगळी घरं आमच्याच गावची. टेकाडापलीकडची शेजारीन म्हंजी आमची चाची. मुसलमानाची, आत्याबाईंच्या वयाची, जुन्या गावात आमच्या भितीला भीत हुती. दोघींचं रोजचं भांडन आन् दोघींची मिसरीची डबी एकच.

ती जमीन एकट्याच्या बैलजोडीनं फुटनारी न्हवती. एका लोखंडी नांगराला आठ बैल जुंपायचं तवा कुठं फाळ आत जायचा. म्हनून गड्यांनी इर्जिक ठरवली. समद्या वस्तीचं बैल आन् गडी आज ह्याच्या रानात, उद्या त्याच्या, आन् ज्याचं रान त्यानं सगळ्यांना जेवाय घालायचं. पाकिस्तानशी लढाई झाली त्याच्या आदल्या उन्हाळ्यात आमची पाळी आली. दोन नांगर, सोळा बैल. ह्ये येवढं खुशीत की सकाळपासनं मला म्हन्त्यात, "अगं, आज आपलं रान काळं दिसनार!"

मी आन् आत्याबाई पहाटंपासनं चुलीम्होरं. भाकरी, हुलग्याचं कालवन, वर गुळाची लापशी. पोरगी नुकतीच रांगाय लागलेली, सारखी चुलीकडं धावायची. आत्याबाई म्हनल्या, "तिला निजव की तासात जाऊन. हितं भाजंल."

नांगर गेल्यावर जी खोल चर पडती तिला आमी तास म्हन्तो. आमच्या गावात पोरं तासातच निजायची. मी निजलेय, ह्ये निजल्यात, आत्याबाईंची चारी पोरं निजली. माती गार आसती, वारं वरनं जातं, आन् रांगतं पोर तासातनं वर चढू शकत न्हाई. नांगर म्होरं गेला की मागं येत न्हाई, मग भ्या कशाचं? गावाकडची काळी जमीन एकदा नांगरली की झालं.

मी नांगरून झालेल्या कडंला गेले, खोलसं तास बघितलं, घोंगडी आंथरली, पोरीला पाजून निजवली. ऊन लागू नये म्हनून दोन ढेकळांवर माझं जुनं पातळ ताणलं. मातकट रंगाचं पातळ, लांबनं बघितलं तर ढेकूळच वाटावं. आत्याबाईंना सांगितलं आन् घागर घिऊन हिरीवर गेले. हीर लांब, चढ-उतार, यायला येळ लागला.

वर आले आन् बघते तर नांगर हिकडं! मी पोरगी ठिवली त्या कडंला! सकाळी नांगर उभं चाललं हुतं, आता आडवं चाललेलं. न्याहारीला बसल्यावर गड्यांनी ठरवलेलं की ह्यो कुंदा एका नांगरटीनं मरनार न्हाई, आडवी बी मारायची. मला काय ठावं? आत्याबाईंना काय ठावं?

घागर कवा पडली कळलं न्हाई. ढेकळातनं पळताना दोनदा पडले. वरडत हुते, पर गडी बैलांना हाळ्या घालत्यात, आसूड वाजतोय, कोन ऐकतंय. एक नांगर त्या जाग्यावरनं पार गेला हुता, दुसरा आडव्या रेषंत यायच्या बेतात. मी जाऊन म्होरच्या बैलांच्या म्होरंच पडले.

"आगं, काय झालं? पान लागलं का, साप हुता?" ह्ये पळत आलं.

"पोरगी!" मी म्हन्लं. "पोरगी तासात!"

ह्यांचं तोंड मी बघितलं आन् बघायला नको हुतं. नुसतं उभं. मग एकदम गुडघ्यावर पडलं आन् हातानं ढेकळं फेकाय लागलं. मातीतनं माझ्या पातळाचा काठ वर आलेला. मी तो वढला, फाटूनच हातात आला. मी उकरत हुते, नखं कवाच निघाली. सगळं गडी उकराय लागलं. सोळा बैल उभं, त्यांचा श्वास तेवढा ऐकू येत हुता. घोंगडी सापडली, मातीत दुमडलेली. ह्यांनी ती उचलली, आन् उलगडायचं धाडस हुईना. मला म्हन्लं, "तू मागं हो." मी मागं झाले न्हाई. मीच हिसकून उलगडली.

रिकामी. नुसती माती.

तेवढ्यात वाऱ्यावरनं हसू आलं. पोराचं. शेताच्या पलीकडं खळगीत सोडलेली बैलगाडी हुती, तिच्या मागनं चाची उठून उभी राह्यली, कडंवर माझी पोरगी, तोंडाला ताक माखलेलं.

"ए, काय उकरताय सगळी मिळून?" चाची वरडली. "हंडा घावला व्हय?"

मी पळाले का कशी गेले मला ठावं न्हाई. पोरगी हातात घेतली आन् तिथंच बसले. तिच्या पायावर लाल गांधी उठल्या हुत्या. चाची म्हनली, "मी ताक घिऊन येत हुते गड्यांना. तर ही रडती. बघते तर मुंगळे! उचलली आन् सावलीला आनली. पातळ, घोंगडी घ्यायला हात कुठं हुता? एका हातात चरवी, दुसऱ्यात ही भवानी."

"आवाज तरी द्यायचा!" मी रडत म्हन्लं.

"दिला की. तुजी सासू भैरी, त्याला मी काय करू?"

आत्याबाई तवर धापा टाकत आल्या. पोरगी बघितली, तिच्या डोक्यावर हात फिरवला, आन् मग गड्यांकडं वळल्या. "मेल्यांनो! आडवा नांगर धरताना सांगायला तोंड न्हाई का?"

नांगराचा म्हातारा गडी म्हनला, "आक्का, तासात पोर हाय हे आमाला कुनी सांगितलं?"

"सांगायचं कशाला? पोरं तासातच आसत्यात!"

"आक्का, गावाकडं आसत्यात."

आत्याबाईंनी त्या आडव्या तासांकडं बघितलं आन् पदरानं तोंड पुसलं. चाचीनं कमरेची डबी काढली, त्यांच्या हातावर मिसरी ठिवली, आन् दोघी गाडीच्या चाकाला टेकून बसल्या.

ह्ये नांगराला हात लावायला तयार हुईनात. पोरीला घिऊन एका ढेकळावर बसलं, तिचा पाय हातात धरून. म्हातारा म्हनला, "बस रं तू. तुझी पाळी मी वढतो." मग मी सगळ्यांना जेवाय वाढलं. पानी सांडलेलं, म्हनून गड्यांनीच हिरीवरनं घागरी आनल्या, हे कवा न्हाई ते झालं. पोरगी माझ्या मांडीवर लापशी खात हुती. मीबी त्यांच्यासंगंच जेवले, आन् कुनी काय म्हन्लं न्हाई.

तवापासनं आमच्या माळावर नवी रीत पडली. इर्जिक कुनाचीबी असू, वस्तीतली सगळी लेकरं एका गाडीखाली, आन् त्यांच्यापाशी एक म्हातारी. नांगराला दिशा बदलायची झाली तर आधी त्या म्हातारीला हाक. पुढल्या आठवड्यात चाचीच्या रानात इर्जिक हुती. गाडीखाली आत्याबाई बसल्या. मी पोरगी त्यांच्याजवळ ठिवली, घागर उचलली, पर पाय निघंना.

"जा की," आत्याबाई म्हनल्या. पोरीच्या झबल्याचं टोक त्यांनी आपल्या पदराला गाठ मारून बांधलं हुतं. "बैल तहानल्यात."

मी गेले.