न दिलेला हुकूम

ऐंशीच्या दशकाचा मध्य. साल मुद्दाम सांगत नाही. त्या दंगलीत कोण कोणाच्या अंगावर गेलं हे मला इथे उकरायचं नाही. पुण्याहून पहाटे निघालेला आमचा काफिला दुपारी एकला अंधेरीत पोचला. कंपनी हेडक्वार्टर एका शाळेत. मी हवालदार, हाताखाली नऊ जवान. कॅप्टनसाहेबांनी नकाशावर बोट ठेवलं.

"वर्सोवा. कोलीवाडा और किनारा. कर्फ्यू चौबीस घंटे, सुबह दस से बारह छूट. कोई सवाल?"

"नहीं, साब."

वर्सोवा आमच्या वाट्याला आलं ते लान्स नाईक हिराजीमुळे. तो त्याच कोळीवाड्याचा, गल्ली न् गल्ली पाठ. त्याचं घर आमच्या पिकेटपासून, म्हणजे वाळूच्या पोत्यांच्या आडोशापासून, दीडशे पावलांवर. घरी जायची परवानगी नव्हती, आणि त्याने मागितलीही नाही.

मी घाटकोपरच्या चाळीतला, मूळ मालवणकडचा. सरहद्दीवर पाच वर्षं काढली तेव्हा बंदुकीचं तोंड पलीकडे होतं. इथे ते मच्छी विकणाऱ्या बायांकडे. मला लाज वाटली. सरळ सांगतो, लाज वाटली.

दिनक्रम ठरलेला. साडेपाचला स्टँड-टू, म्हणजे सगळे हत्यारासह आपापल्या जागी, सहाला चहा, दोन-दोन तासांची ड्यूटी. दहाला संचारबंदी उठायची की गल्लीत माणसांचा नुसता लोंढा. हिराजीची आई, काशीमावशी, रोज भाकऱ्या आणि सुक्या बोंबलाची चटणी घेऊन यायची. सगळ्यांना वाढायची, हिराजीला शेवटी. "धर रं शिपाया," एवढंच म्हणायची. ड्यूटीवरच्या पोराशी लाडाने बोललं तर त्याला साहेब रागावतील, असा तिचा समज. मी एकदा म्हटलं, "मावशी, बोल ना त्याच्याशी. मी बघत नाही." ती म्हणाली, "बगू नको मंग," आणि हळूच त्याच्या गालावरून हात फिरवला. मी खरंच समुद्राकडे तोंड केलं.

ड्यूटीवर हिराजी आणि मी बोलायचो. तो भारी वाद घालायचा.

"हवालदारसाहेब, होडीवर तांडेल सांगेल ती पूर्व दिशा. उलट बोलायचं नाय. पण होडीत पाय ठेवायचा की नाय, ते ज्याचं त्याने ठरवायचं. ओढून न्यायची कोणाच्या बापाची टाप नाय."

"मग पलटणीतही तेच ना! भरतीच्या कागदावर सही कोणी केली? तूच ना?"

"मी केली. या गल्लीने कुठे केलीय? यांना कोणी विचारलं, बाबांनो, दार लावून बसता का म्हणून?"

"रस्त्यावर मुडदे पडू नयेत म्हणून बसवलंय त्यांना."

"ते कळतं हो. माझी आयपण समजेल. पण विचारायला तरी पाहिजे ना कोणीतरी."

"जास्त शहाणपणा नको. समोर बघ."

तो समोर बघायचा. मला मात्र झक मारून विचार करावा लागायचा. हुकूम मानण्यात मला कधी गुलामी वाटली नव्हती, कारण मी तो मानायचा असं एकदा स्वतः ठरवलं होतं. ज्याने काहीच ठरवलं नाही, त्याने तोच हुकूम कोणत्या तोंडाने मानायचा? याचं उत्तर मला कोणत्याही ट्रेनिंगमध्ये मिळालं नव्हतं.

चौथ्या दिवशी दहाच्या सुटीत काशीमावशी भाकऱ्यांशिवाय आली.

"माजा थोरला दर्यान हाय. दामाजी. सा दिस झाले. आज होरी येल."

दामाजी म्हणजे हिराजीचा मोठा भाऊ, होडीचा तांडेल. बरोबर सात खलाशी. ते निघाले तेव्हा गावात शांतता होती. होडीवर वायरलेस नाही. संचारबंदीची त्यांना खबर असायचं कारणच नव्हतं.

"किती वाजता येईल?" मी विचारलं.

"चतुर्थी हाय ना आज?"

आम्ही कोकणातली माणसं, हा हिशोब आम्हालाही ठाऊक. तिथीच्या पाऊणपट वाजता भरती, आणि होडी किनाऱ्याला लागते ती भरतीच्या पाण्यावरच. चारच्या पाऊणपट तीन. होडी दुपारी तीनला लागणार. गाव बाराला बंद होणार.

"येऊ दे ना. आम्ही आहोत ना इथे," मी म्हटलं.

हिराजीचा चेहरा उतरला होता. "साहेब, तुम्हाला नाय समजलं. होडी येते तेव्हा किनाऱ्यावर टोपल्या घेऊन बाया उभ्या असतात. नेहमीच. किनारा मोकळा दिसला तर होडीवरचे काय समजतील? गावावर काहीतरी आलं. ते मच्छी सोडून घराकडे धावत सुटतील. हातात कोयते, बांबू, असेल ते घेऊन."

 किनाऱ्याच्या दुसऱ्या टोकाला बाहेरून आलेल्या एका दलाची पिकेट होती. त्यांचा वायरलेस वेगळा. खाडीपलीकडच्या मढच्या बाजूने होडीतून हत्यारं येणार ही अफवा त्यांनी ऐकली होती. संचारबंदी मोडणाऱ्यावर गोळी झाडायचा हुकूम होता. आठ माणसं कोयते घेऊन धावत येताना त्यांना दिसली असती तर संपलंच.

मी वायरलेस सेट उचलून हेडक्वार्टर लावलं. मोकळीक तीन वाजता ठेवायला मागितली. निदान दहा बायांना किनाऱ्यावर उभं राहू द्या म्हटलं.

"निगेटिव्ह. छूट दस से बारह. ओव्हर."

दुसऱ्या पिकेटला निरोप द्यायची विनंती केली.

"कोशिश करेंगे. आउट."

अडीच वाजेपर्यंत हेडक्वार्टरकडून काही निरोप नाही. गाव चिडीचूप. काशीमावशी दाराच्या फटीत उभी. दोन पन्नासला होडीचं डोलकाठीवरचं निशाण दिसलं.

हिराजीने रायफल माझ्यापुढे धरली. "साहेब, मी जातो. टोपली घेऊन उभा राहतो."

"मी तुला पाठवू शकत नाही. ऑर्डर नाही."

"पाठवू नका. मी जातोय. तुम्ही फक्त अडवू नका."

हत्यार टाकून जागा सोडणं म्हणजे कोर्ट मार्शल. ते त्याला माहीत होतं, मलाही. वर पाठीत गोळी बसायची शक्यता वेगळीच. मी रायफल घेतली आणि पुढच्या जवानाकडे दिली. कमांड माझ्या हाताखालच्या नाईककडे सोपवली. मग मीही निघालो. मलाही कोणी सांगितलं नव्हतं.

काशीमावशीने दारातूनच टोपली सरकवली. वर्दीतला लान्स नाईक, डोक्यावर मच्छीची टोपली, ताठ मानेने वाळूतून चाललाय! इतक्या भीतीतही मला हसू फुटलं. मी त्याच्या आणि दुसऱ्या पिकेटच्या मधून चाललो, दोन्ही हात वर करून ओरडत, "फौज! फौज! गोली मत चलाना!" तिकडून बोल्ट ओढल्याचा आवाज आला. गोळी आली नाही.

होडीवर सगळे काठाशी उभे होते. एकाच्या हातात खरंच कोयता होता. हिराजी पाण्यात कमरेपर्यंत शिरला.

"दादा! घरान समदी बरी हायेत! आय बरी हाय! धावू नका! कोयता खाली ठेव!"

दामाजीने आधी वर्दी पाहिली, मग टोपली, मग तोंड. "आयला, हिऱ्या? तू?"

आठही माणसं हात मोकळे करून हळूहळू वर आली आणि वाळूत बसली. दामाजीने भावाला जवळ ओढलं ते सोडेचना. तीन चाळीसला कॅप्टनसाहेबांची जीप आली.

"किसके ऑर्डर से?"

"किसी के नहीं, साब. हम खुद गए."

साहेब तरुण होते, पहाडी मुलखातले. वाळूत बसलेली आठ माणसं त्यांनी नजरेने मोजली. मग विचारलं, "कल पानी कितने बजे?"

"पंचमी, साब. पौने चार."

दुसऱ्या दिवशीपासून वर्सोव्याची मोकळीक भरतीच्या वेळेला झाली. मला सिव्हिअर रेप्रिमांड, म्हणजे सर्व्हिस शीटवर लाल शाईचा शेरा. हिराजीचं नाव मी रिपोर्टात घातलंच नाही, आणि साहेबांनी विचारलंही नाही. त्या पंचमीला पावणेचारला किनाऱ्यावर इतक्या बाया जमल्या की आम्हाला उभं राहायला जागा उरली नाही.

दोन हिवाळ्यांनंतर आम्ही उत्तरेत बर्फात होतो. एक गस्त दरीच्या कडेला अडकली होती. दोर घेऊन खाली उतरायला दोन माणसं हवी होती. दोराचं काम हिराजीइतकं कंपनीत कोणाला येत नव्हतं, आणि त्याचं नाव माझ्या अगदी ओठांवर होतं. मी ते घ्यायच्या आत तो पुढे झाला. गस्तीतली तिन्ही माणसं वर आली, त्याच्याबरोबर उतरलेला जवानही आला. शेवटचा तो होता, आणि बर्फाचा कडा त्याच्यासकट सुटला.

महिन्याने मी वर्सोव्याला गेलो. काशीमावशीने मला घरात घेतलं, पाणी दिलं.  मग माझं मनगट धरलं.

"खरा सांग. तुमी त्याला धारला, का तो आपनहून गेला?"

"आपणहून गेला, मावशी. कोणी पाठवलं नाही."

"माजी शपत?"

"तुझी शपथ."

तेव्हा ती रडली. मीही रडलो. लोकांपुढे रडायची मला सवय नाही, पण त्या घरात दामाजी होता, त्याची बायको होती, सगळ्यांसमोर रडलो.

लान्स नाईक हिराजी, वय सव्वीस, राहणार वर्सोवा कोळीवाडा. पलटणीच्या दगडावर त्याचा नंबर, नाव आणि तारीख कोरलेली आहे. तो आपणहून गेला हे दगडावर कोरायची पद्धत नाही. म्हणून मी इथे लिहून ठेवतोय.