कडुनिंबाचं दार

मागच्या वर्षी उन्हाळ्यात आमच्या आर्वीच्या घरासमोरचा कडुनिंब वादळात आडवा झाला. शेजारच्या काकूंनी सरपणाला मागितला. आईनं नाही म्हटलं. त्याच झाडाखाली भाजी विकून तिनं मला बी.एस्सी. केलं, घरातली पहिली. तिला त्याच लाकडाचं दार हवं होतं, पावसाळ्यातही नीट लागणारं.

आरा मशीनवरून आलेल्या फळ्या जड, ओल्या, हाताला टोचणाऱ्या होत्या. आई त्या उन्हात टाकायला निघाली. वैशाखात आम्ही कुरडया, मिरच्या, सगळंच उन्हात टाकतो. पण मशीनवाल्यानं बजावलं होतं, "उन्हात टाकसान तर फाटतीन." मी कारण सांगितलं: वरचा भाग आधी सुकून आकसतो, आतला ओलाच राहतो, मग तडा जातो. म्हणून परसातल्या टिनाच्या छपराखाली, विटांवर, फळीफळीत बारीक पट्ट्या ठेवून आम्ही थप्पी रचली. टोकांतून पाणी लवकर उडतं, म्हणून तिथं जुना ऑइलपेंट फासला.

पण वाळलं हे कळायचं कसं?

"भाजी सुकली की वजन उतरते. लाकूड काय येगळं हाय?" आई म्हणाली. फळीचा एक तुकडा तिनं थप्पीतच ठेवला. दर अमावास्येला तो तराजूत घालायची, दुसऱ्या पारड्यात खडे. दर वेळी थोडे खडे कमी लागत.

श्रावणात तुकडा उलट जड झाला. आईचा चेहरा उतरला.

काकू हसल्या. "काहो, लाकडाले पाणी पाजून राह्यल्या का? माह्या चुलीत कधीचंच जळलं असतं!"

"हवा ओली आहे आई, लाकूड ती ओढून घेतं," मी म्हटलं. "दिवाळीनंतर उतरेल."

"तुह्या पुस्तकात असन. पाहू आपण."

दिवाळीनंतर खडे पुन्हा निघू लागले. होळीनंतर मात्र पारडं जागचं हललं नाही. सुतारानं दोन वाकड्या फळ्या बाजूला काढल्या, उरलेल्यांना रंधा मारला आणि दार बसवलं.

आता आषाढ लागलाय. काल दिवसभर पावसाची झड होती. आज सकाळी आईनं दार ओढलं. खालच्या कोपऱ्यात जरासं घासलं, पण लागलं. काकूंनी दोनदा उघडझाक करून पाहिली. "लागते वं बाई!"

मी सुताराला फोन लावू लागले, कोपरा घासून घ्यायला.

"राहू दे," आई म्हणाली. "आता घासलं तर हिवाळ्यात फट पडन."

आणि भाजीची पाटी उचलून ती बाजाराकडे निघाली.