श्वासाचा रकाना

मी मोजलं नव्हतं. हे आधीच लिहून टाकतो, नाहीतर लिहिता लिहिता मी पुन्हा एखादं कारण शोधीन. त्या दिवशी सकाळी दहाला आणि परत बाराला, होळी गावच्या एका शेतकऱ्याच्या चार्टवर श्वासाच्या रकान्यात मी वीस लिहिलं. दोन्ही वेळा टेबलाशी उभा राहून, त्या माणसाकडे न बघता.

तुम्ही कधी हॉस्पिटलात कुणाच्या उशाशी बसला असाल तर आठवून बघा. नर्स येते, ताप बघते, बीपीचा पट्टा बांधते, बोटाला चिमटा लावते. श्वास मोजताना किती जणांना पाहिलंत? त्याला यंत्र लागत नाही. एक मिनिट उभं राहावं लागतं, आणि तेवढंच कुणाकडे नसतं. म्हणून मी ज्या ज्या वॉर्डात काम केलं तिथे सगळे पेशंट मिनिटाला वीस श्वास घेत. न्यूमोनियावाले वीस, हर्नियावालेही वीस.

आमच्या इन्चार्ज सिस्टर मोजत. पलंगाच्या पायथ्याशी उभ्या राहून, मनगटाच्या आतल्या बाजूला बांधलेलं घड्याळ वर धरून पूर्ण मिनिटभर छातीकडे बघत. त्या मिनिटात कुणी काही विचारलं तरी उत्तर नाही. डॉक्टरांनी विचारलं तरी नाही.

वसई पश्चिमेच्या त्या लहानशा खाजगी हॉस्पिटलात मी लागलो तेव्हा चव्वेचाळीसचा होतो. कराडकडचा माणूस, मुंबईत अठरा वर्षं ब्रदर, म्हणजे पुरुष नर्स, म्हणून काढलेली, विरारला फ्लॅट. सिस्टर माझ्याहून आठ-नऊ वर्षांनी मोठ्या, इथल्याच एका ख्रिस्ती गावातल्या. पेशंटशी त्या गावच्या बोलीत बोलायच्या आणि माझ्याशी शाळेतल्या बाईंसारख्या. मला त्या पहिल्या दिवसापासून आवडल्या नाहीत. मीही त्यांना आवडलो नाही, आणि त्यांनी ते लपवायची तसदी घेतली नाही.

पहिल्याच दिवशी त्यांनी माझे सहा चार्ट बघितले.

“ब्रदर, सहा जण आणि सहाही वीस. हा वॉर्ड आहे की लग्नाचा बँड?”

“सगळे नॉर्मल आहेत, सिस्टर.”

“मोजून या.”

मी मोजून आलो. सोळा, बावीस, अठरा, चोवीस, चौदा. सहावा बाथरूममध्ये होता.

“तिथेही वीसच घेत असेल,” त्या म्हणाल्या आणि लाल पेनाने माझे सहाही आकडे खोडले. बाजूला दोन नव्या मुली उभ्या होत्या. त्या हसल्या नाहीत, हसू दाबलं. ते मला जास्त लागलं.

औषधांच्या कपाटाच्या दाराला आतून त्यांनी स्वतःच्या अक्षरातला एक कागद चिकटवला होता. सेप्सिसचा संशय आला तर पहिल्या तासात काय काय करायचं, ते त्यावर होतं. जंतूंशी लढता लढता शरीर आपल्याच अवयवांवर उलटतं, त्याला सेप्सिस म्हणतात. बीपी कोसळून ते नुसत्या सलाईनने वर येईना, की तो शॉक. त्या कागदावर खाडाखोड फार. नवीन काही वाचलं की त्या जुनी ओळ कापून वर दुसरी लिहायच्या. मी एकदा म्हणालो, “सिस्टर, दर वर्षी नियम बदलतात, मग खरं कुठलं?”

“पुरावा बदलला की आपण बदलायचं. अठरा वर्षं एकच चूक करत राहायचं, त्याला अनुभव म्हणत नाहीत.”

चहाच्या वेळी मी त्यांची नक्कल करायचो. घड्याळ वर धरून मिनिटभर वड्याकडे बघत राहायचो आणि म्हणायचो, “चौदा. वडा स्थिर आहे.” लोक पोट धरून हसायचे. त्या सगळ्यांसमोर अपमान करतात असा मी ऑफिसात अर्जही दिला. दुसऱ्या दिवशी ड्युटी बदलताना त्या शांतपणे म्हणाल्या, “अर्जावर तारीख घालायची राहिलीय, ब्रदर.”

एक गोष्ट मात्र सांगायला हवी. एकदा राजोडीची एक म्हातारी श्वास लागतो म्हणून आली. सिस्टर पायथ्याशी उभ्या राहिल्या, मोजलं, मग स्टूल ओढून तिच्याजवळ बसल्या. तिचा हात हातात घेऊन पाच-सात मिनिटं गावच्या बोलीत काहीतरी बोलत राहिल्या आणि पुन्हा मोजलं. उठताना मला म्हणाल्या, “मोजत राहिलं की कळतं, माणूस घाबरलाय की बुडतोय.” त्या दिवशी मला त्यांचा राग आला नाही. दुसऱ्या दिवशी परत आला.

होळीचे ते काका पायाला जखम झाली म्हणून सकाळी आठला भरती झाले होते. मुळ्याच्या वाफ्यात काम करताना गंजलेला दाताळ्याचा दात तळपायात घुसला होता, चार दिवस हळद लावून काढले होते. साखरेचा आजार. पाय सुजलेला, पण ताप फारसा नव्हता आणि त्यामुळे सगळे निर्धास्त होते. त्यात मीही.

साडेदहाच्या सुमारास त्यांची बायको टेबलाशी आली. “ब्रदर, हे कायतरी येगळंच बोलतात. पानी पन घेत नाय.”

“रात्रभर झोप नाही ना त्यांना,” मी म्हणालो. “झोपू द्या. तुम्ही सारखं उठवू नका.”

ती परत गेली. बाराला ती माझ्याकडे बघत होती, पण बोलली नाही. मी चार्ट भरला.

अडीचला सिस्टर फेरीला आल्या. त्या दिवशी सकाळपासून आयसीयूत अडकल्या होत्या. काकांच्या पायथ्याशी उभ्या राहिल्या. मिनिट संपलं आणि त्यांनी घड्याळ खाली केलं.

“चौतीस.”

मग चादर बाजूला करून त्यांनी गुडघ्यावर बोट दाबलं. कातडीवर जांभळट जाळी उमटली होती. बोट काढल्यावर पांढरा डाग तसाच राहिला. बीपी घेतलं, अठ्ठ्याहत्तर. “काका, नाव काय तुमचं?” काकांनी भावाचं नाव सांगितलं.

पुढचा तास मला मिनिटामिनिटाने आठवतो. डॉक्टरांना फोन, ते धावत आले. सिस्टरांचा आवाज चढला नाही, उलट उतरला. “ब्रदर, कल्चरचं रक्त दोन बाटल्यांत, आत्ता. अँटिबायोटिक त्याच्यानंतर, पण त्यासाठी अडवून ठेवायचं नाही. दुसऱ्या हाताला मोठी सुई. सलाईन पूर्ण सोडा.” अवयवांना रक्त कमी पडलं की रक्तातलं लॅक्टेट वाढतं; ते तपासायला गेलं, खूप वाढलेलं आलं. लघवीची पिशवी लावली. तिच्यात जेमतेम दोन चमचे. सलाईनने बीपी धरेना, तेव्हा नॉरअ‍ॅड्रेनलिनचा पंप सुरू झाला. दर पाच-दहा मिनिटांनी त्या बोट दाबून तो पांढरा डाग किती वेळात जातो ते बघत होत्या. खरं सांगतो, आम्ही दोघांनी एकत्र इतकं चांगलं काम कधीच केलं नव्हतं. एकदाही एकमेकांना आडवे गेलो नाही.

काका वाचले. बारा दिवस आयसीयूत होते. पण पायात गँगरीन झालं आणि गुडघ्याखालून पाय काढावा लागला. चार तास आधी कळलं असतं तर पाय वाचला असता का, हे कुणीच खात्रीने सांगू शकत नाही. मला लपायला तेवढी फट पुरली.

नातेवाइकांनी तक्रार केली. ऑफिसात चौकशी झाली. मला विचारलं, तेव्हा मी म्हणालो, “माझ्या वेळेला वीसच होते. आणि बाराला मी सिस्टरांना फोन केला होता, पेशंट बरोबर वाटत नाही म्हणून. त्या म्हणाल्या, लक्ष ठेवा.”

सिस्टर समोरच बसल्या होत्या. माझ्याकडे बघत म्हणाल्या, “मला कुणी फोन केला नाही. आणि हे वीस खोटं आहे.”

“पुरावा?” साहेबांनी विचारलं.

त्यांच्याकडे नव्हता. पुराव्याशिवाय बोलायची सवयही त्यांना नव्हती. त्यांना मेमो मिळाला, वॉर्डातून काढून ड्रेसिंगच्या खोलीत बसवलं. दोन महिन्यांनी त्यांनी राजीनामा दिला. कपाटाच्या दारावरचा कागद कुणीतरी काढून टाकला. काकांच्या बायकोने मला घरची सुकेळी, म्हणजे सुकवलेली केळी, आणून दिली, पहिल्यापासून लक्ष ठेवलंत म्हणून. मी ती घेतली. घरी मुलांनी खाल्ली.

एका रविवारी सकाळी मी भाजीला होळीच्या बाजारात गेलो होतो. काकांची बायको पाटी मांडून बसली होती आणि समोर सिस्टर, हातात मुळ्याची जुडी.

“ठेवा ती,” बायको म्हणाली. “तुमाला नाय देनार भाजी. माझ्या मानसाचा पाय नेला तुमी.”

आजूबाजूच्या बायका बघत होत्या. सगळ्या ओळखीच्या, कुणाची ना कुणाची बाळंतपणं सिस्टरांनी केलेली. सिस्टरांनी जुडी खाली ठेवली आणि पिशवी घडी करून निघाल्या. मी एका टेम्पोच्या मागे उभा राहिलो, त्या दिसेनाशा होईपर्यंत.

पुढच्या रविवारी मी त्यांच्या घरी गेलो. त्या फाटकापाशी आल्या, पण कडी काढली नाही.

“काय पाहिजे?”

“सिस्टर, माफी मागायला आलोय.”

“कशाची?”

त्यांनी माझ्याकडून सगळं वदवून घेतलं. दहा वाजता काय, बारा वाजता काय, ऑफिसात काय. संपल्यावर म्हणाल्या, “माझी माफी कशाला? माझे दोन्ही पाय शाबूत आहेत.”

“पण तुमचं नाव खराब झालं.”

“नावाचं मी बघेन. त्या बाईने नवरा बरळतोय हे ओळखलं होतं, बरोबर ओळखलं होतं. तुम्ही तिला गप्प केलंत. त्याला साखर आहे, उद्या परत काही झालं तर ती परत गप्प बसेल, आपल्याला काय कळतं म्हणून. आधी तिकडे जा. आणि इथे पुन्हा येऊ नका.”

आणि त्या आत गेल्या. त्यानंतर मी त्यांना पाहिलेलं नाही. पालघरकडे कुठल्याशा नर्सिंगच्या कॉलेजात शिकवतात असं ऐकलं.

सोमवारी मी ऑफिसात सगळं लिहून दिलं, या वेळी तारीख घालून. ड्युटी संपल्यावर होळीला गेलो. काका ओटीवर खुर्चीत बसून मेथीच्या जुड्या बांधत होते, बाजूला कुबड्या. मला बघून बायकोचा चेहरा उजळला. “या ब्रदर, बसा. च्या टाकते.”

“चहा नको, काकू. तुम्हीही बसा.” मी उभाच राहिलो. “त्या दिवशी हे वेगळं बोलतात असं तुम्ही मला सांगायला आला होता. तुम्ही बरोबर होता. तेच मुख्य लक्षण होतं, आणि मी तुम्हाला परत पाठवलं. काका, तुमचा श्वास मी मोजलाच नाही, दोन्ही वेळा खोटा आकडा लिहिला. सिस्टरांना मी फोन केला नव्हता. त्या आल्या, त्यांनी बघितलं, म्हणून तुम्ही आज इथे बसला आहात. तसं मी हॉस्पिटलला लिहून दिलंय. पुढे कधी असं वाटलं तर कुणाचं ऐकून गप्प बसू नका, माझ्यासारख्याचं तर नाहीच. चूक माझी होती आणि मी ती त्यांच्या अंगावर टाकली. मला माफ करा.”