माझ्या तोंडी माझा आवाज

एकतीस वर्षं मी सिनेमात आहे आणि आत्ताआत्तापर्यंत मला कुणी ऐकलेलं नव्हतं. हवालदार झालो, तलाठी झालो, नायिकेचा बाप तर कितीदा. चेहरा माझा, आवाज दुसऱ्याचा. मराठीवाले म्हणत, बोलण्याला कानडी हेल आहे. कानडीवाले म्हणत, हा मराठी वळणाचं बोलतो. बेळगुंदीचा माणूस दोन्हीकडे पाहुणाच. शूटिंग संपलं की कोल्हापूरच्या स्टुडिओत कुणीतरी गोड गळ्याचा गडी माझ्या ओठांवर स्वतःचा आवाज बसवायचा. मला राग यायचा, पण काम हवं असायचं, म्हणून गिळायचो.

मागच्या वर्षीही बापच होतो. लेक सासरी निघते आणि बाप म्हणतो, "जा पोरी, सुखानं नांद." निपाणीजवळ एका शेतघरापुढं शूटिंग होतं. त्या पोरीनं पाया पडून वर बघितलं आणि माझ्या तोंडून भलतंच निघून गेलं. आमच्या घरात निघालेल्या माणसाला 'जा' कुणी म्हणत नाही. लेकीला तर नाहीच नाही. माझ्या डोळ्यांत खरं पाणी बघून दिग्दर्शकानं शॉट ओके केला. जनरेटरच्या घरघरीत शब्द कुणाला ऐकूच गेले नव्हते, आणि आवाज नंतर भरायचाच होता.

दोन महिन्यांनी मी रताळ्याच्या वेलांना माती लावत होतो, तेव्हा दिग्दर्शकाचा फोन आला.

"अण्णा, त्या वाक्याला ओठ जुळत नाहीत. तुम्ही काय म्हणाला होता?"

"सांगत न्हाय. येऊन म्हणतो."

"एका वाक्यासाठी कशाला येताय?"

"एका न्हाय, सगळ्याच. अर्धा बाप माझा, अर्धा दुसऱ्याचा, असला बाप कोण बघंल?"

तो चिडला. सीनच कापतो म्हणाला. कापा म्हटलं. खरं तर त्या सीनखेरीज माझ्या वाट्याला सांगण्यासारखं काही उरत नव्हतं. पण अडला हरी. तेवढ्या सीनवर त्याचा सगळा शेवट उभा होता. थोड्या वेळानं तोच म्हणाला, या.

दुसऱ्या दिवशी सकाळची एसटी धरली. सीमेवरची कोगनोळी मागं पडेपर्यंत सिनेमातली माझी अकराही वाक्यं पुटपुटत होतो. शेजारचा प्रवासी जरा सरकूनच बसला. स्टुडिओत त्या वाक्याला आठ वेळा चुकलो. नवव्या वेळेला ओठ जुळले. "ये जाऊन गं, बाई. मी हाय न्हवं हितं." काचेपलीकडं दिग्दर्शकानं नुसती मान डोलावली.

सिनेमा निपाणीत लागला तेव्हा बायकोला घेऊन गेलो. खोटं कशाला बोलू, माझा आवाज मला आवडला नाही. वाटलं होतं त्याहून बारीक निघाला, 'हितं'मध्ये तर चिरकलाच. पूर्वीचे गडी माझ्यापेक्षा चांगले बोलायचे, हे मला तिथंच कळलं. बायको म्हणाली, "घरात बोलतासा तसंच बोललासा की."

परवा नव्या सिनेमाची बोलणी झाली. सरपंचाचं काम, सात वाक्यं. आवाज माझाच राहील, ही अट मी आधी लिहून घेतली आणि मगच सही केली.