कापून टाकलेलं हसू

आमच्या काकाला अख्खं काही ऐकवत नाही. समोरचा बोलू लागला की याचा पाय हलायला लागतो, बोटं टेबलावर वाजायला लागतात. पंखे-मिक्सर दुरुस्त करणाऱ्या या माणसाने तरुणपणी एका वेल्डर मित्राला हाताशी धरून शटर, बादली, ग्राइंडर यांचे आवाज टेपवर पकडले, कापले, जोडले आणि त्यावर लोकांना नाचवलं. तेव्हा असं कुणीच करत नव्हतं. दोघांना वेड लागलंय, असं घरचे म्हणायचे. आता नवी पोरं यांच्याच गाण्यांचे तुकडे उचलून आपली गाणी करतात. काका त्यांना 'चोरावर मोर' म्हणतो आणि मनातून खूश होतो.

गेल्या वर्षी डॉक्टरांनी सांगितलं, काकूची स्वरपेटी काढावी लागेल. काका सैरभैर झाला. माईक घेऊन दिवसभर तिच्या मागे मागे. ती भाजी चिरताना, फोनवर बहिणीशी भांडताना, याला झापताना. "अहो, मेले नाही मी अजून!" म्हणत ती खदखदून हसलीसुद्धा.

मग काकाने रेकॉर्डिंग 'साफ' केलं. खोकला, उसासे, भांड्यांचा खणखणाट सगळं कापलं आणि मूळ रेकॉर्डिंग पुसून टाकलं. कामाचा तुकडा ठेवायचा, बाकीचं फेकायचं, ही खोड टेप महाग होती तेव्हापासूनची.

ऑपरेशननंतर घरी आल्यावर काकूने ते सगळं ऐकलं. मग पाटीवर लिहिलं, "माझं हसू कुठाय?"

ते कचऱ्यात गेलं होतं. माझं डोकंच फिरलं. "काका, तू माणूस आहेस की कात्री?" मी तोंडावर विचारलं. तो चपला न घालताच वेल्डरकडे गेला. मीही गेले मागोमाग.

"अरे, आपल्या पहिल्या गाण्यात आहे ना वहिनी," वेल्डर म्हणाला. "आपण बादल्या बडवत होतो, ती चहा घेऊन आली आणि आपल्याला बघून हसत सुटली. तू काढणार होतास, मीच ठेवायला लावलं."

"त्या टेपला केव्हाच बुरशी लागली."

"आपली गेली तर गेली. पोरांनी नेलंय ना उचलून? त्यांच्याकडे शोध."

मग काकाला ना भूक ना झोप. कानाला हेडफोन, घरभर येरझाऱ्या. कुणाच्या गाण्यात आमची बादली निघे, कुणाच्यात शटर. हसू काही सापडेना. काकू सोफ्यावरून नुसती बघत राहायची, आणि ते बघणं मला सोसवायचं नाही.

शेवटी कुठल्याशा परक्या भाषेतल्या गाण्यात, दोन ठोक्यांच्या मधे, ते सापडलं. "अगं, ए! इकडे ये!" काका ओरडला आणि त्याने ते स्पीकरवर लावलं.

हसू जेमतेम एका श्वासाचं, पण परत परत येणारं. काकू उठून स्पीकरजवळ आली. मग तिचे खांदे हलू लागले. ती हसत होती. घशातून काहीच येत नव्हतं, आवाज स्पीकरमधून येत होता.

मला रडू फुटलं. काकाचा हात मात्र सवयीने बटणाकडे गेला, तेवढा तुकडा सुटा करून घ्यायला. काकूने त्या हातावर पाटी हाणली.