मी सांगायचे, तो वाजवायचा

मागच्या हिवाळ्यात दुबईतल्या एका मोठ्या सभागृहात एका फ्रेंच संगीतकाराचा सत्कार झाला. त्याने सिनेमांना दिलेलं संगीत वादकांच्या भल्यामोठ्या ताफ्याने वाजवलं आणि शेवटच्या चालीला सगळं सभागृह उभं राहिलं. मी उठले नाही. मी त्याची सेक्रेटरी, त्यामुळे आम्हाला फुकट पास मिळाले होते आणि शेजारी नवरा कोपराने ढोसत होता, की अगं ऊठ, बरं दिसत नाही. मला बरं दिसायचं नव्हतं. ती चाल माझी होती. म्हणजे मी ती रचली नव्हती, मला सा की रे कळत नाही. पण ती माझ्या तोंडून निघाली होती, आणि ज्या दिवशी निघाली तो दिवस मी मरेपर्यंत विसरणार नाही.

या माणसाबद्दल मी तेव्हा आदराने बोलायचे, आता नाही बोलत. त्याचा जन्म फ्रान्समधल्या कुठल्याशा लहान गावातला, बाप खाटीक. चर्चमध्ये ऑर्गन वाजवणाऱ्याने त्याला शिकवलं. पॅरिसला येऊन तो नाचाच्या वर्गात पियानो बडवायचा. एका सिनेमाचा संगीतकार भांडून निघून गेला आणि याला आयत्या वेळी बोलावलं, तिथून गाडी सुरू झाली. मग सिनेमेच सिनेमे, बक्षिसं, दोन लग्नं, दोन घटस्फोट. पुढे दिग्दर्शक तरुण आले आणि फोन वाजायचा थांबला. त्याच सुमारास इथल्या एका बिल्डरने नव्या टॉवरच्या जाहिरातीसाठी संगीत मागितलं, म्हणून तो महिनाभरासाठी दुबईला आला आणि राहिलाच. इथे सगळे त्याला मेस्त्रो, म्हणजे उस्ताद, म्हणत. आपल्या गावी कुत्रं विचारत नसलं, की माणसाला परका देश आवडायला लागतो. ते मला ठाऊक आहे, मी वसईची.

नोकरी साधी होती. ईमेल, तिकिटं, व्हिसा, कॉफी. शारजाहून, अल मजाजच्या घरून, रोज ट्रॅफिकमध्ये पिचत त्याच्या व्हिलावर जायचं. नवरा रुवैसच्या रिफायनरीत, तो सुट्टीला घरी यायचा. मुलगी शाळेत. बरं चाललं होतं.

एक दिवस त्याने मला व्हिलातल्याच स्टुडिओत बोलावलं आणि पडद्यासमोर बसवलं. कुठल्याशा अरबी मालिकेचा प्रसंग होता, आवाज बंद. म्हणाला, काय चाललंय ते मला सांग. मी इंग्रजीत सुरू केलं तर हात वर करून थांबवलं. तुझ्या भाषेत सांग, मला काही कळता कामा नये. शब्द कळले की संगीत मूर्ख होतं, असं त्याचं म्हणणं. मी लाजत लाजत सुरुवात केली: ही बाई आता दार उघडतेय, बाहेर तो उभा आहे, अगं बाई, घेऊ नकोस त्याला घरात. तो डोळे मिटून, एक हात पियानोवर ठेवून ऐकत होता. मी आवाज चढवला की त्याची बोटं वर सरकत, मी हेल काढला की तीही रेंगाळत. आमच्या वसईकडच्या बोलण्याला मुळातच हेल फार. माझं बोलणं संपलं तेव्हा चाल तयार होती.

त्यानंतर तीच पद्धत झाली. मी सांगायचे, तो वाजवायचा. शेजारणीला कुंपणावरून सांगावी तशी मी त्याला शेकडो प्रसंगांची हकिगत मराठीत सांगितली असेल. नटनट्यांना शिव्या घातल्या, रडले, हसले. घरी कुणी माझं इतकं ऐकून घेत नव्हतं. नवरा फोनवर 'हं, हं' करायचा, मुलगी माझ्या मराठीला इंग्रजीत उत्तर द्यायची आणि तेही मोबाइलमधून मान वर न करता. इथे एक जगप्रसिद्ध माणूस डोळे मिटून माझा शब्द न् शब्द ऐकत होता. एकदा त्यानेच सांगितलं, की माझ्याआधी पॅरिसमध्ये एक पोर्तुगीज बाई होती, त्याच्याकडे साफसफाई करायची. तिच्याआधी एक हंगेरियन शेजारीण. मी हरभऱ्याच्या झाडावर चढले. मला वाटलं, मी त्या मोठ्या बायकांच्या पंगतीत बसले. त्या बायकांची नावं कुठल्याच सिनेमात नाहीत, हे तेव्हा डोक्यात आलंच नाही.

मग त्याला पॅरिसहून पुन्हा एक सिनेमा मिळाला, कित्येक वर्षांनी. आणि त्याच दिवसांत भावाचा वसईहून फोन आला. आयला, म्हणजे आमच्या आईला, हॉस्पिटलात ठेवलंय, ये. मी रजा मागितली. तो काही राक्षसासारखा वागला नाही, तसा वागला असता तर सोपं गेलं असतं. माझा हात हातात घेऊन म्हणाला, फक्त दोन दिवस दे, शेवटचा प्रसंग तेवढा राहिलाय, मग तिकीट मी काढतो, इन्शाल्ला सगळं ठीक होईल. परक्याच्या तोंडचा इन्शाल्ला मला इतका गोड वाटला होता. दुसऱ्या दिवशी सकाळी मी स्टुडिओत पोचतेय तोच भावाचा फोन आला. आय गेली.

मी तिथेच खुर्चीवर बसले. त्याने पाणी आणून दिलं, खांद्यावर हात ठेवला. विमान दुपारचं मिळालं होतं. मग तो हळूच म्हणाला, तशीही तुला तीन तास वाट पाहायचीच आहे, एकदा फक्त प्रसंग सांगशील?

त्याने पडद्यावर प्रसंग लावला. स्वयंपाकघरात एक म्हातारी मटार सोलत बसलीय आणि तिची मुलगी बॅग घेऊन दारात उभी आहे, आत येत नाही. मी तो प्रसंग सांगितलाच नाही. मी आयशी बोलले. "आय, थांब गं. मी निघालेय. मला तोंड तरी बघू दे तुझं. इतकी कसली घाई झाली तुला?" तेच पुन्हा पुन्हा म्हणत राहिले, कधी रागाने, कधी लहान मुलीसारखी. मागे पियानो वाजत होता. मी थांबले तेव्हा त्याचे डोळे पाणावले होते. डोळे पुसून तो म्हणाला, "खलास. मिळालं."

मी वसईला पोचले तेव्हा आयला माती देऊन झाली होती. पावसाळ्याआधीचा उकाडा, चर्चला शवपेटी रात्रभर ठेवता आली नाही. कबरीवरची फुलंसुद्धा कोमेजली होती. म्हणजे आयचा निरोप मी जो घेतला तो त्या स्टुडिओत, एका म्हाताऱ्या फ्रेंचासमोर. तेवढाच.

तो सिनेमा गाजला आणि सिनेमापेक्षा ती चाल. मॉलमध्ये लागायची, लिफ्टमध्ये लागायची. रोल्लाच्या बाजारात सुके बोंबील घ्यायला गेले तर दुकानातल्या पोऱ्याच्या मोबाइलची रिंगटोन तीच. पण मी मूग गिळून होते. मला वाटायचं, त्याला ठाऊक आहे ना, तेवढं पुरे.

सत्काराच्या मंचावर निवेदिकेने विचारलं, ही चाल कशी सुचली? तो म्हणाला, एका पहाटे मी एकटाच वाळवंटात गेलो होतो, वाळूवरून वारा वाहत होता, त्याने मला ही चाल दिली. लोक भारावून गेले. माझ्या डोक्यात तिडीक गेली. मी नऊच्या आधी त्याला कधी उठलेला पाहिला नव्हता.

दुसऱ्या दिवशी मी सरळ विचारलं. तो मनापासून चकित झाला. म्हणाला, "हे बघ, तू मला आवाज दिलास, संगीत माझं आहे. पोर्तुगीज बाईने कधी तक्रार केली नाही."

"त्या दिवशी मी काय बोलले होते ते तरी तुम्ही कधी विचारलंत का?"

"ते मला कळायला नको होतं," तो म्हणाला, "हेच तर तुला पहिल्या दिवशी सांगितलं होतं."

मी राजीनामा दिला. माझ्या खुर्चीत आता इथिओपियाची एक मुलगी बसते, असं त्याच्या ड्रायव्हरने सांगितलं. पण नोटीसचे दिवस भरत असताना त्याच्या आयुष्यावर माहितीपट काढणारी माणसं आली होती. त्यांना कॅमेऱ्यासमोर सेक्रेटरीही हवी होती. म्हणाले, तुमच्याच भाषेत बोला, छान वाटेल. मला वाटलं, यल्ला, चला, झाकलेलं उघडं करायची हीच वेळ. कॅमेऱ्यात बघून मी मराठीत सगळं सांगितलं. आय कशी गेली, मला कसं थांबवलं, मी काय बोलले. ते शब्द जसेच्या तसे पुन्हा म्हटले. कुणीतरी भाषांतर करील, जग वाचील, असं मी धरून चालले होते.

परवा तो माहितीपट आम्ही घरी लॅपटॉपवर पाहिला. मी आहे त्यात. मोजून तीन वाक्यांपुरती. माझा आवाज बंद केलाय, नुसतं तोंड हलतंय, डोळ्यांत पाणी आहे, आणि वर ती चाल घातलीय. बघणाऱ्याला वाटावं, मेस्त्रोची आठवण काढून ही बाई रडतेय. मी नवऱ्याला म्हटलं, बंद कर ते. मुलीने त्याचा हात धरला.

"वेट. पापा, गो बॅक." तिने तो तुकडा पुन्हा लावला. मग पुन्हा. "मम्मा, दॅट्स यू. नॉट द फेस. द म्यूझिक. यू टॉक लाइक दॅट."

एवढ्या वर्षांत हे कुणालाही ऐकू आलं नव्हतं. माझ्या मुलीला आलं. मला रडू फुटलं. तिने मोबाइल बाजूला ठेवला, माझ्याजवळ सरकली आणि चक्क मराठीत विचारलं, "तू काय बोलत होतीस?"

सांगायला मी तोंड उघडलं. "आय, थांब गं," एवढंच म्हणाले. ते त्याच्या पियानोसारखं वाजलं. मी घसा खाकरून पुन्हा म्हटलं, जरा सपाट, जरा घाईने. पुन्हा तसंच. आता मी ते दुसऱ्या कुठल्याही तऱ्हेने म्हणू शकत नाही.