भाचीच्या नावाचा अर्थ

बारशात नाव ठेवण्याचा मान आत्याचा, असं सगळे म्हणतात. मान कसला डोंबलाचा! नाव आधीच ठरलेलं, दारावरच्या फ्लेक्सवर गुलाबी अक्षरांत छापलेलं. मी यवतमाळहून एसटीनं दिग्रसला यायचं आणि ते बाळाच्या कानात सांगायचं, एवढंच माझं काम.

नाव होतं इनाया. वहिनीनं शोधलेलं. 'अर्थ देवीची कृपा, मूळ संस्कृत,' असं भावानं मोबाइलवर पाठवलं होतं. नावांच्या या वेबसाइटी म्हणजे डोक्याला ताप. तिथं बघावं तर सगळंच संस्कृत असतं. मी भावाला फोन करून म्हटलं, "अरे, हे संस्कृत नाही. उर्दूत इनायत म्हणतात ना, त्यातलंच आहे हे."

"ताई, तू कायले फाटे फोडून राह्यली? फ्लेक्स छापाले गेला."

फ्लेक्स छापायला गेला म्हणजे विषय संपला.

बारशाला पाळण्याभोवती बाया जमल्या, मी पुढे झाले, आणि नेमका तेव्हाच आईला अर्थ हवा झाला. "तू शिकलेली हायस, सांग बरं सगळ्यायले." आता खोटं किती बोलायचं? सांगितलं मी. नाव अरबी आहे. अर्थ काळजी घेणं, कुणाकडे आस्थेनं लक्ष देणं. मुसलमान घरांत लेकींना हौसेनं ठेवतात.

झालं! आईनं कपाळाला हात लावला. "मले हे नाव मंजूर नाही. बदला आत्ताच्या आत्ता."

मंजूर म्हणे! मंजूर अरबी, तिची रोजची फिकर अरबी, जिल्हा अरबी, तालुका अरबी. केळापूरच्या शेताच्या भांडणात लावला तो वकीलही अरबी. एवढं सगळं घरात चालतं, पोरीच्या नावालाच तेवढी अडचण. मी हे बोलूनही दाखवलं, पण ऐकतो कोण? भाऊ फ्लेक्स काढायला स्टूल शोधत होता, बाया एकेक नाव सुचवत होत्या, आणि माझं डोकं उठलं होतं.

"मले मालूम होतं," बाजेवरून वहिनी म्हणाली. सगळे तिच्याकडे बघायला लागले. "माया मैत्रिणीच्या लेकीचं नाव हाय. अर्थ तिनंच सांगितलता. संस्कृत हाय असं म्याच यायले सांगितलं. नाई तं तुमी ठेवू देल्लं असतं का?"

"अवो, पण हेच काहून?" आईनं विचारलं.

"नऊ महिने सगळ्यायनं पोटाचं विचारलं, आई. मी कशी हाओ, हे या घरात एकानं नाही विचारलं. ती मैत्रीण तेवढी फोन करे. माया पोरीच्या नावात तरी काळजी असू द्या."

भाऊ पुटपुटला, "मंग मले तरी सांगाचं होतं."

"तुमी विचारलं कधी?"

मला आईचा राग आला, भावाचा आला, स्वतःचाही आला. आईच्या होकाराची मी वाट पाहिली नाही. पाळण्यावर वाकले आणि भाचीच्या कानात तिचं नाव सांगितलं. आत्या नाव सांगते तेव्हा बायांनी तिच्या पाठीत धपाटे घालायचे असतात. त्या दिवशी एकीचाही हात उठला नाही.